तीन-अ

मूळ दाव्यात ती नव्हती.
एकोणीस वर्षं, दोनशे अकरा तारखा,
वादीचे दोन वकील मयत,
आणि वंशावळीत बारक्या हिरा मढवी यांच्या खाली
तीनच रेघा : दामोदर, चाहू, जनार्दन.
दावा जिंकला. चुलत्यांनी अपील केलं.

अपिलात समोरचे वकील चष्मा पुसत म्हणाले,
"मयताला मुलगी नव्हती का?"
तेव्हा दामोदरशेठनी माझ्याकडे पाहिलं,
जणू ती मी टायपिंगमध्ये गाळली.

मी वकिलांचा कारकून. कोर्टनाक्याला
झेरॉक्सच्या दुकानावरच्या माळ्यावर बसतो.
अर्ज मीच लिहिला : "सदर आवश्यक पक्षकार
नजरचुकीने सामील करावयाची राहून गेली."
खर्चापोटी दोन हजार भरण्याच्या अटीवर मंजूर.
तिघा भावांनी सहाशे सहासष्ट, सहाशे सहासष्ट
असे मोजून दिले.
वरचे दोन रुपये मी घातले.

मग वकालतनामा घेऊन ठाण्याहून बस,
कळवा, विटावा, दिघा,
ऐरोलीच्या मागे दिवागाव, तिसरा मजला, लिफ्ट बंद.
द्वारकीबाई करंदी सोलत होत्या.
हात पुसले नाहीत. कागद लांबूनच बघितला.

"मी कोनाच्या बाजूला?"
प्रतिसादी क्रमांक तीन-अ, मी म्हटलं. नुसतं नावाला.
तुमच्याविरुद्ध कुणाचं काही मागणं नाही, आजी.
"नि माजं मागनं?"

त्याला रकाना नव्हता.

चतुःसीमा वाच, म्हणाल्या. वाचली.
पूर्वेस रस्ता.
"रस्ता कुटचा रं? तिथं उघाडी होती.
उधानाला बांध फुटला, रातचा,
तवा बाबानं मना फटीत उभी केली,
चिखलाचे गोले येईपरत.
पानी इथवर."
करंदीचा वास असलेला हात
त्यांनी गळ्याशी आडवा धरला.
"पोरं निजली होती. ल्हान होती. त्यांचा काय दोस."

सही केली नाही.
"वकील मी माजा बघीन. च्या घेनार?"

कोर्टाच्या प्रतीत दुरुस्ती लाल शाईनं करायची असते.
तीनच्या खाली, सरकार असलेल्या चारच्या वर
जागा होती बोटभर.
अक्षरं बारीक करून, एकमेकांना टेकवून
नाव त्या फटीत बसवलं :
द्वारकी बारक्या मढवी, लग्नानंतरचे नाव
द्वारकी पांडुरंग केणी, वय सत्तर, धंदा घरकाम.
धंदा घरकाम कुणी सांगितलं नव्हतं.
हात आपोआप गेला.

माझ्या बहिणीचं हक्कसोडपत्रही मीच टाइप केलं होतं,
पनवेलच्या घराचं. एकही खाडाखोड नाही.
ती म्हणाली होती, किती छान छापलंस रे.

पुढच्या तारखेला पुकारा झाला.
तिघे भाऊ पहिल्या बाकावर.
शिपायानं लाल अक्षर डोळ्यांजवळ नेलं,
अडखळला, माहेरचं नाव आधी वाचलं.
मागून कुणीतरी उठलं. खुर्ची सरकल्याचा आवाज.
सोबत एक तरुण वकील, नवीन डगला, बगलेत
चाळीस पानांचा कैफियतीचा मसुदा.

साहेबांनी वर पाहिलं.
"कोणातर्फे?"

दामोदरशेठ मागे वळले नाहीत.
मी वळलो.
त्या उभ्या होत्या.
हात गळ्याशी नव्हता, पदराशी होता,
आणि त्या शिपायालाच सांगत होत्या,
"परत वाच रं. नीट. पुरं नाव."