एकशे त्रेचाळीस

तुइया, तुझा चेहरा आता बाजारचौकात उभा आहे,
पत्र्याच्या फळीवर, सतरा अनोळखी चेहऱ्यांच्या रांगेत.
खाली नंबर : एकशे त्रेचाळीस.
वितळत्या बर्फाचं पाणी हनुवटीवरून ओघळतंय
आणि तू हसतेयस,
रात्रपाळीत कधी हसली नाहीस अशी.

आपण माणसांना नंबरानंच तर ओळखायचो.
चार नंबरला ताप. नऊ नंबर झोपला नाही.
सहा नंबरची लेक येणार होती हेलसिंकीहून,
आली नाही.
तू मात्र चार नंबरला उर्हो म्हणायचीस,
त्याच्या रेनडिअरांच्या कानांवरल्या खुणा विचारायचीस
आणि तो सांगत असतानाच
सुई आत जाऊन बाहेरही आलेली असायची.

प्रसूतीकक्ष बंद झाला त्या वर्षी
तिथं कुबड्या आणि वॉकर रचून ठेवले.
मग फेब्रुवारीतली ती रात्र, उणे एकतीस,
रोवानिएमी अजून साठ किलोमीटर.
बाळ काही साठ किलोमीटर थांबलं नाही.
सकाळी परतलीस, बाहीवर रक्त वाळलेलं,
कॉफी ओतलीस, प्यायली नाहीस.
म्हणालीस, "सिनिक्का, हे इथून सुटायचं नाही."
इथून म्हणताना तू
आपल्या पायाखालच्या फरशीकडे बोट दाखवलंस.

आता खरं सांगते, रागावू नकोस.
तू गेलीस आणि ड्यूटीच्या तक्त्यात एक चौकोन रिकामा राहिला.
नर्सा कमी आहेत, असं तू सभेत सांगतेस.
त्या कमीत एक तू आहेस.
तुझ्या रात्री मी काढतेय.
माझे गुडघे तुझ्या भाषणाला टाळ्या वाजवत नाहीत.

मार्चमधल्या एका शनिवारी तुझ्या तंबूत आले होते.
तू वाटाण्याचं सूप वाढत होतीस, कागदी वाडग्यांत.
एक दाढीवाला लाकूडवाहू ट्रकचा ड्रायव्हर
डिझेलवरून, रस्त्यांवरून तुझ्यावर तोंड टाकत होता.
तू मध्ये बोलली नाहीस.
त्याचे श्वास मोजत होतीस; मला दिसलं.
मग विचारलंस,
"जिना चढताना दम कधीपासून लागतो?"
तो गप्प झाला. सूप संपवून गेला.
मत देईल न देईल, देव जाणे,
पण सोमवारी दवाखान्यात आला खरा,
आणि त्याला तपासायला
तू नव्हतीस.

आज मीही जाऊन आले.
घडीचा कागद, आत छापलेलं कोरं वर्तुळ,
दोरीला बांधलेली पेन्सिल.
एक, चार, तीन.
आकडा नेहमीपेक्षा वेगळा आला
की त्याखाली दोन रेघा ओढायच्या,
डॉक्टरांची नजर चुकू नये म्हणून,
हे मला तूच शिकवलंस, पहिल्या आठवड्यात.
पेन्सिल आपसूक खाली उतरली.
रेघ ओढली असती तर मत बाद.
हात आवरला.
घडी, शिक्का, पेटी.

बाहेर आले तर उजेड अजून होता.
नऊला ड्यूटी होती,
तुझी.