सूची

बडकस चौकातल्या माझ्या दुकानात
मे महिन्यात कागद टिकत नाहीत.
कूलर त्यांना उचलतो, वाळ्याचा वास लावतो
आणि रस्त्यावर सोडून देतो.
म्हणून देवतळे मॅडम पर्समधून दगड घेऊन येतात,
प्रकरणागणिक एक.

विषय: तेराशे वर्षांपूर्वीच्या युरोपातल्या बाया.
मला वाटलं, राण्या असतील.
राण्या दोनच निघाल्या, त्याही तळटीपेत.

बाकी सगळ्या मातीतून वर काढलेल्या.
कमरेशी किल्ल्या, पण कुलूप कुठेच नाही.
उशाशी तकलीची चकती. समोरचे दात झिजलेले,
दोरा तोंडात धरून धरून, मॅडम म्हणाल्या.
आणि कुठल्याशा मठाच्या वहीत
शेत किती, डुकरं किती, मग
त्याची बायको: नाव नाही.
त्याची बायको: नाव नाही.

तिसऱ्या ओळीपासून मी कॉपी-पेस्ट करू लागलो.
मॅडमनी चष्म्यावरून पाहिलं.
"तसं नका करू, पराते. एकेक टाइप करा.
त्या सगळ्या मिळून एकच बाई होती का?"

एक्केचाळीस वेळा टाइप केलं.
मध्येच लाइट गेली, तेव्हा
सव्वीस वाचल्या,
बाकीच्या पुन्हा आणाव्या लागल्या.

तांडापेठेत आमचा माग होता.
मागावर बाबा. सोसायटीच्या कार्डावर बाबा.
माय पहाटे चारपासून चरख्यावर कांड्या भरायची,
बोटाला कायमची चीर, सूत जाऊन जाऊन.
कोणी विचारलं, बाई काय करते, तर बाबा म्हणत,
"काही नाही, घरीच राह्यते."
माय मान हलवायची.
तिलाही तसंच वाटायचं, की
दातांत धागा असायचा म्हणून गप्प,
आता कुणाला विचारणार.

शेवटी सूची करायची आली.
मी विचारलं, मॅडम, नाव नसलेल्या
कोणत्या अक्षराखाली टाकू?
"बघते," म्हणाल्या.
आठवडा झाला, बघतच आहेत.

काल प्रूफ तपासताना 'क'वर थांबल्या.
कर, कांडी, किल्ली.
"कांडी? हा शब्द माझ्या पुस्तकात नाही."
चुकून आला असेल, म्हटलं.
कूलरचं पाणी संपलं होतं,
पंखा कोरडाच खडखडत होता.
बराच वेळ पेन्सिल त्या शब्दावर धरून
मॅडमनी तो खोडला नाही.
एवढंच विचारलं,
"पान?"