अठ्ठावीस सेकंद

कॅमेऱ्याला चावी दिली की अठ्ठावीस सेकंद.
मग स्प्रिंग दम टाकते.

मे महिना. गंगापूर धरण इतकं आटलेलं
की गाळाला भेगा, भेगांत शिंपले,
आणि मधोमध दगडांच्या चार-पाच रांगा,
गुडघ्याएवढ्याही नाहीत.
सखाहरी मेंगाळ काठीनं दाखवत चालले होते :
हे देवळाचं. ह्या सोनवण्यांच्या म्हशी.
इथं कायतरी होतं, आत्ता नाव येईना.

बाई, तुमचं गाव कोणतं?
पाथर्डी फाटा.
ते फाट्याचं नाव झालं, म्हणाले. गाव?
मी लेन्स पुसली.

मग एका रांगेशी ते थांबले. चपला काढल्या.
रांगेत हातभर खिंड होती,
तिथं मान खाली घातली, पाठीत वाकले
आणि आत गेले.

वर नुसतं पांढरं ऊन.
ना चौकट, ना तुळई.

गाव उठलं तेव्हा ते आठ वर्षांचे.
आठ वर्षांचं पोर त्या दारातून
ताठ पळत जात असणार.
वाकत असणार त्यांचा बाप.

फिल्म मी घरीच धुतली, न्हाणीघरात, बादलीत :
पिंपळगावच्या बाजारात फेकलेली द्राक्षं पिळून,
त्यात धुण्याचा सोडा.
चित्र आलं जांभळट, विरलेलं,
कडेला बुरशीसारखे डाग.
माणूस कुठला आणि डाग कुठला
हे हलल्यावरच कळतं.

कॉलेज रोडला नऊ जणांनी पाहिली.
एकानं विचारलं, गोष्ट काय आहे?
एक जण आधीच उठला होता.

मग सातपूरला, सखाहरींच्या खोलीत,
मशीन पिंपावर ठेवून भिंतीवर लावली.
भिंतीला खिळा होता, तो उन्हात आला.
सून दारात पीठाच्या हातांनी उभी.
ते वाकले, आत गेले,
भिंत पुन्हा भिंत झाली.

बाहेर आलेलं नाही घेतलं?
चावी संपली, मी म्हणाले.

बराच वेळ मशीनचं रीळ मोकळं फिरत राहिलं,
शेपटी फटफट आपटत.
बरं झालं, म्हणाले.

आणि सुनेला, तो खिळा काढू नको.