तिसरी प्लेट

उद्यमबागेत, तिसऱ्या रेल्वे गेटाच्या पलीकडे
आमच्या खोलीचं तापमान बारा महिने वीस अंश.
बाहेर मे. पत्रा ताणून ताणून टकटक वाजतो.
आत मी स्वेटर घालून
एका भोकाचं माप घेते.
भोक म्हणजे काय, तर बिडातली नसलेली जागा.
दिवसाला दीडशे नसलेल्या जागा तपासते
आणि खाली सही करते: ठीक आहे.

माजगावच्या शाळेत बाई सांगायच्या,
अवकाश ही एक मोठी पेटी,
सगळं तिच्यात ठेवलेलं,
तिला मात्र कुणी कुठं ठेवलेलं नाही.
तेव्हापासून मला झाकणाची काळजी.

भीमशी पत्तारला पेटीच मान्य नाही.
स्क्रेपरला धार लावता लावता म्हणतो,
"भिंतीतले दोन्ही मोळे काढलेस
तर मधलं अंतर कुठं टांगतीस?"
मला उत्तर सुचलं नाही.
घरी जाऊन कॅलेंडर काढून बघितलं.
भिंतीवर त्याचा पांढरा चौकोन होता.

एकदा बोलता बोलता मी म्हणाले,
पाळी सुटायला अजून अवकाश आहे.
तो थांबला. "कुणाला?"
त्याच्या कानडीत अवकाश म्हणजे संधी.
कामाला आलेली पोरं दारात उभी राहून
तेच तर मागतात: अवकाश कोडरी.
माझ्या तोंडात त्याच शब्दात
जागाही होती आणि वेळही,
एकाच साच्यात ओतलेली.
पुस्तकवाल्यांना ते कळायला किती शतकं लागली,
आमच्या आईला रोज कुकरपाशी माहीत होतं:
अजून अवकाश आहे गं, बस जरा.

गुंडू मेणसे निवृत्त व्हायच्या आधी
आम्हा दोघांना बोलावून म्हणाले,
सपाट करायला शिका.
बिडाच्या तीन प्लेटी, हातभर लांब.
मी विचारलं, दोन पुरत नाहीत?

"दोनच घासल्यास तर पटतील त्या.
इतक्या पटतील की मधे वारा शिरणार नाही.
आणि दोन्ही वाकड्या असतील.
एकीचं पोट सुटलेलं, दुसरीचं खपाटीला गेलेलं.
दोघींना पटलं म्हणून ते खरं असतं काय गं?"

मग निळी शाई.
पहिली दुसरीवर, दुसरी तिसरीवर, तिसरी पहिलीवर.
जिथं निळं लागेल तो उंचवटा, तिथं खरवड,
पुसून पुन्हा शाई.
अकरा दिवस.
सपाट असं जगात कुठंही पडलेलं नव्हतं,
ना या गावात ना त्या गावात.
ते तिघींच्या भांडणातून
केसाच्या शंभराव्या भागानं
निघत होतं.

रात्री खांदे दुखत. गच्चीवर पडून
मी वर बघायची. वाचलं होतं,
जड वस्तूंच्या आसपास अवकाशच वाकतं,
उजेड सरळच निघतो,
सरळपणाच वळलेला असतो.
मग यावर कुठली प्लेट ठेवून बघायची?
शाई कुठं लावायची?
आई म्हणाली, काय बघूलालीस एवढं?
मी म्हणाले, उंचवटे.

बाराव्या दिवशी निळे ठिपके
तिन्हींवर सारखे उमटले,
देवी आल्यासारखे.
मेणसेंनी चष्मा काढला, काही बोलले नाहीत,
भीमशीच्या डब्यातली भाकरी मोडून खाल्ली.

एक प्लेट कोल्हापूरच्या कारखान्याला गेली.
एक हुबळीला.
तिथं त्यांच्यावर ठेवून आता
दुसऱ्यांचा वाकडेपणा ठरवतात.

तिसरी आमच्याकडेच राहिली,
ग्रीसच्या कागदात, रॅकच्या खालच्या कप्प्यात.
तिला कुणी मागितलं नाही.
मेणसे जाताना एवढंच सांगून गेले,
तळहात लावू नका, उबेनं फुगते.

जेवणाच्या सुट्टीत कधी कधी
मी कागद बाजूला करून हात ठेवते.
डोळ्यांना काहीच दिसत नाही.
अर्ध्या तासानं ती परत सपाट होते.
तेवढा अर्धा तास
कुणी कशाचंही माप घेऊ नये.