अपील निकाली

नऊ वर्षं धारवाडची पहाटेची बस,
डब्यात भाकरी नि कारळ्याची चटणी,
मांडीवर फाइल : कन्नडातला निकाल,
कडेला वकिलांनी पेन्सिलीनं लिहिलेलं मराठी.

माझं म्हणणं एवढंच होतं,
जामीनदाराच्या रकान्यातली सही माझी नव्हे.
होनगेकरातला माझा 'हो'
असा पोट सोडून बसत नाही.

परवा मुचंडीनं चारही माग विकले,
सोसायटीचं देणं व्याजासकट फेडलं,
वडगावात पेढे वाटले. मलाही एक.

आज साहेबांनी पान उलटलं.
"हण कट्टिदारा?"
"कट्टिदारे, सर."
मग अपिलात आता उरलं काय?
दोन मिनिटं. पुढच्याचा पुकारा.

वकील पाठीवर हात ठेवून म्हणाले,
"सुटलास की गा परशराम!"
सुटलो.
खरं, ती सही कुणाची?
हे आता कुणी कुणाला विचारायचं नाही.

कित्तूरच्या पुढं बस जरा सरळ धावायला लागली
तेव्हा तिकिटाच्या पाठीमागं
मी माझं नाव लिहून बघितलं, सावकाश.
नऊ वर्षांत हात थरथरायला लागलाय.
'हो'चं पोट
थोडं सुटलंच.