अडीच मिलिमीटर

कन्सोल दस्तगीरचा.
मस्कतला जाताना देऊन गेला, म्हणाला, तिकडं नवा घेतो.
घेतला तो असलाच जुना, कुणा ड्रायव्हरकडनं,
कारण नव्यातनं जुन्याला गाठता येत नाही म्हणे.

तीन वर्षं मुक्यानं खेळलो.
शाहू स्टेडियमवर तो गोलात उभा, मी समोरच्या पेठेचा,
तेच आता टीव्हीवर.
गोल खाल्ला की तो खेळ थांबवायचा दोन सेकंद.
त्या दोन सेकंदांतली शिवी मी इथनं ओळखायचो.

मग त्याचा मेसेज: बोलत खेळू.
फोन नको, फोनवर सुचत नाही,
बोलताना हातात काहीतरी लागतं.

माझ्या इयरफोनची पिन साडेतीनची.
कंट्रोलरच्या बुडाला भोक अडीचचं.
एक मिलिमीटर.
उद्यमनगरात आमच्या लेथवर एक मिलिमीटर चुकला
तर जॉब भंगारात, आणि पगारातनं कापून.

राजारामपुरी सहाव्या गल्लीत पिरगोंडानं
मेलेल्या चार्जरांचा डबा पालथा घातला,
तळातनं एक जोडपिन काढली, शर्टाला पुसली.
आवाज आला तर चाळीस दे.
नाही आला तर चहा पाज.

मग मेनू. मेनूच्या पोटात मेनू.
संयोगिता वाचून दाखवत होती, मी दाबत होतो:
आवाज कुणाचा ऐकायचा? सगळ्यांचा, मित्रांचा, कुणाचाच नाही.
कुणाचाच नाही वर टिक होती.
कुणी केली, कधी केली, कोण जाणे.
राऊटरमध्ये तीन हजार चौऱ्याहत्तर नंबरचं दार उघडायचं होतं.
उघडलं का, तिनं विचारलं.
उघडलं वाटतंय.
कुठं आहे पण ते, बाबा?

साडेदहा इथं, तिथं नऊ.
आधी पंखा ऐकू आला. मग कुकरची शिट्टी.
मग खोकला, आणि खोकल्याआधी मी त्याला ओळखला.
सुब्या? हॅलो? ए सुब्या, ऐकू येतंय का रं?
येतंय की, मी म्हटलं. भावा, लई भारी येतंय!
हॅलो? ...ह्याचं लागलं न्हाई वाटतं.

हेडफोन त्यानं काढला नाही.
खोलीत दुसरं कुणी होतं, त्याला म्हणाला,
दोन गेली, तिसरं वाकत नाही.
कंपनीनं प्रेसवरनं काढून गेटवर बसवलंय.
घरी ठाव न्हाई. अम्मीला तर नकोच.
मार्चमधली गोष्ट.

मार्चपासनं त्याचे पास चुकत होते.
बटणं झिजली असतील, मी लिहिलं होतं,
इकडनं पाठवू का?
त्यानं हसणारं तोंड पाठवलं होतं.

वायर चाचपताना अंगठ्याला लागला
एक खटका, तांदळाएवढा.
माईक बंद होता. माझाच.
नखानं सरकवला असता.
तेवढं नख होतं मला.

मी टाईप केलं: आवाज येत नाही.
उद्या पिरगोंडाला दाखवतो. चल, खेळू.

खेळलो.
पेनल्टी मिळाली.
बाहेर मारली असती तर त्याला लगेच कळलं असतं,
म्हणून डावीकडं, खाली, दाबून मारली.
खेळ थांबला. दोन सेकंद.
शिवी नव्हती.
हळू आवाजात, स्वतःशीच बोलल्यासारखं,
बरोब्बर मारलास.

सकाळी पिरगोंडाला शंभराची नोट दिली.
आला व्हय आवाज? काय म्हणतोय दस्तगीर?
त्यानं साठ परत दिले.
मी ते तिथंच उभा राहून मोजत बसलो.