जाब देणार नंबर चार

विट्याहून लेंगऱ्याला जाताना
डाव्या हाताला तीन मजली घर लागतं,
गच्चीवर स्टीलची टाकी, दाराला पितळी कुलूप.
त्या कुलपाला मी सहा वेळा भेटलोय.

पहिला अहवाल माझ्याच अक्षरात:
'सदर इसम परगावी. कोइमतूर येथे सोने गाळण्याचा धंदा.
केव्हा येणार, शेजारी सांगू शकत नाहीत.'
शेजारी सांगू शकत होते.
चैतात येतोय की, म्हणाले, जत्रंला.
पण चैत ही काही तारीख नव्हे,
आणि नाझरसाहेबांना कागद शुक्रवारी परत हवा होता.

अपील छबूताई किर्दत यांचं.
माहेरच्या विहिरीत एक आणा आठ पै हिस्सा.
जाब देणार पाच.
एक, दोन आणि पाच यांनी सह्या केल्या,
तीन नंबरच्या म्हातारीनं अंगठा दिला
आणि उरलेली शाई म्हशीच्या पाठीला पुसली.
चार नंबर सख्खा धाकटा भाऊ,
सोपान.

हुकूम झाला: नवा पत्ता द्या, भत्ता भरा.
ताईंनी सांगितला तसा वकिलानं लिहिला,
'सोन्याची गल्ली, कोइमतूर.'
लखोटा दीड महिना हिंडून परत आला
पाठीवर तमिळमध्ये दोन ओळी घेऊन.
नाझरसाहेबांनी तो आधी उलटा धरला, मग सुलटा,
मग फाइलला टाचला.

पुढच्या तारखेला वकील आजारी.
त्यापुढच्या तारखेला एस.टी.चा संप.
त्यानंतर विजयनगरला, अकरा वाजून दहा मिनिटांनी,
शिपायानं तीनदा नाव पुकारलं.
'अपीलकाराने पावले उचलली नाहीत.
चार नंबरशिवाय हिस्सा ठरविता येत नाही.
सबब अपील सर्वांविरुद्ध काढून टाकण्यात येत आहे.'

पावलं.
ताई तेव्हा दुसऱ्या मजल्याचा जिना चढत होत्या,
गुडघ्यावर हात ठेवून, एकेक.

चैतात मी लेंगऱ्याला गेलो. रजा टाकून,
कुणाच्या तरी ओळखीनं, जेवायला.
कुलूप नव्हतं. दारात मांडव,
पंगतीत गुलालानं माखलेला एक गडी,
बोटात तीन अंगठ्या,
आणि त्याच्या ताटात रस्सा वाढणाऱ्या छबूताई.
जत्रेचं बोलावणं त्याला एकदाच गेलं होतं, फोनवर.
पोचलं.

ताईंनी मला ओळखलं. पळी तशीच धरून म्हणाल्या,
'ह्यो बघा आला. बजवा आता.'
मी खिसा चाचपला. पेन होतं.

'पाव्हणं कुठलं?' त्यानं विचारलं.
'कोर्टातलं. तुला भेटाय येऊन गेल्यात.
सा डाव.'

'आरं तिच्या,' म्हणत तो जरासा सरकला,
'मग हुबं का? बसा की.'